स्किपला दात येतो

डेल्बर्ट स्टोक्सची सगळी अभिनयकला त्याच्या पुढच्या दातांमधल्या एका भोकात मावत होती. आज पन्नाशीत शाळेची बस चालवताना तो हे स्वतःच सांगून टाकतो, म्हणजे दुसऱ्या कुणाला ती मजा मिळत नाही.

१९५४ साली, दर शुक्रवारी हॉलिवूडच्या स्टुडिओतून टीव्हीवर थेट दिसणाऱ्या मालिकेत तो घरातला धाकटा, स्किप, होता. स्किप दारातून यायचा, पडलेल्या दाताची फट दाखवून हसायचा आणि अर्धा देश विरघळायचा. संवाद चुकले तरी चालायचं. फट होती ना!

आठव्या वर्षी त्या फटीत दात आला.

"तोंड मीट," त्याची आई व्हर्ना म्हणाली. "कुणाला दाखवलास का?"

"नाही, मॉम."

"दाखवून तर बघ. बाहेर चाळीस पोरं रांगेत बसलीत, सगळ्यांचं बोळकं."

तिनं रंगभूषेचं काळं मेण आणलं. दर शुक्रवारी ते नव्या दातावर थापायचं, की कॅमेऱ्याला तिथं अंधार दिसायचा. दोन महिने हे निभावलं. डेल्बर्टला तर वाटायला लागलं, हाच खरा अभिनय.

मालिका एका टूथपेस्ट कंपनीच्या जिवावर चालत होती. मधली जाहिरात मालिकेतली आई करायची. एका शुक्रवारी तिचा घसा बसला. कंपनीचे ऑस्ट्रँडर साहेब म्हणाले, "पोरगाच दात घासेल."

व्हर्ना पुढं सरकली. "त्याच्या हिरड्या फार नाजूक आहेत हो, साहेब."

"आमची पेस्ट नाजूक हिरड्यांसाठीच आहे, बाई."

"हळू घास, मागच्या दाढा फक्त," ती पोराच्या कानात पुटपुटली.

पण कॅमेऱ्यावरचा लाल दिवा लागला आणि डेल्बर्टनं आयुष्यात पहिल्यांदाच भूमिकेत जीव ओतला. त्यानं भांडी घासावीत तसे दात घासले. चूळ भरली. हसला. मिनिटापूर्वी जिथं भोक होतं, तिथं पांढराशुभ्र दात होता.

मालिकेतले वडील हार्लन प्रूएट शेजारीच उभे होते. त्यांची स्वतःची कवळी होती, त्यामुळे असेल, त्यांना भरून आलं. "बघा," ते पदरचंच बोलले, "एका घासण्यात आमच्या स्किपला दात आला."

ऑस्ट्रँडर साहेब सोमवारपर्यंत खूश होते. सोमवारी पत्रांची पोती आली. ओहायोच्या एका आईनं लिहिलं होतं, मुलगी तीन दिवस घासतेय, रक्त आलं, दात नाही. आयोवाच्या अठ्ठ्याहत्तर वर्षांच्या शेतकऱ्यानं विचारलं होतं, तोंड पूर्ण रिकामं आहे, किती ट्यूब लागतील? कंपनीचे वकील या म्हाताऱ्याला जास्त घाबरले. त्यानं फार सभ्यपणे विचारलं होतं.

पोरांच्या तोंडावर धंदा करणारे लोक पोराला तोंडावर काही सांगत नाहीत. पुढच्या भागाचे कागद आले, त्यात डेल्बर्टला एकच वाक्य होतं.

"वाक्य आहे ना? मग काढलेलं नाही," व्हर्ना म्हणाली आणि पुन्हा पहिल्यापासून वाचायला लागली.

जेवणाचा प्रसंग होता. प्रूएट म्हणाले, "स्किप, वर जाऊन दात घास बघू."

"हो, डॅडी."

तो जिना चढला. सेटवरच्या त्या जिन्याला दहाच पायऱ्या होत्या. वर एक फळी, पुढं काही नाही. फळीवर बसून तो हाकेची वाट बघत राहिला. खाली सगळ्यांनी वाटाणे खाल्ले. मग दारावरची घंटा वाजली आणि सहा वर्षांचा मावसभाऊ टोबी आत येऊन हसला. त्याला पुढचे दोन दात नव्हते.

मालिका आणखी पाच वर्षं चालली. स्किप कुठं गेला, हे त्या घरात कुणी विचारलं नाही. प्रूएटनी एकदाही जिन्याकडं मान वर केली नाही. फक्त आयोवाचा तो म्हातारा दर नाताळला स्टुडिओला कार्ड पाठवायचा: "पोराला आता खाली बोलवा. इतकं घासून दात झिजतील."

त्यातलं एक कार्ड डेल्बर्टनं बसच्या आरशाशेजारी लावलंय. त्याचे पुढचे बरेचसे दात एव्हाना गेले. तो एक मात्र जागचा हलायला तयार नाही.