ताईच्या बेटाची वैयक्तिक प्रत

स्वतःच्या मालकीची वस्तू स्वतःच्या घरात, स्वतःच्या टेबलावर ठेवून तिची एक जादा प्रत काढावी, असा विचार एका सज्जन गृहस्थाच्या मनात आला. विचार साधा होता. गृहस्थ मात्र नियम पाळणारा होता, आणि पुढचा सगळा अनर्थ त्यातूनच घडला.

या गृहस्थाचं चष्म्याचं दुकान होतं. गल्लीत त्याला नियमराव म्हणत. रस्त्यावर चिटपाखरू नसलं तरी तो लाल दिव्यापाशी थांबायचा, आणि लिफ्टमध्ये शिरण्याआधी आतली माणसं मोजायचा. अगदी नाकासमोर चालणारा माणूस. बायको म्हणायची, ह्यांच्या नाकासमोर भिंत आली तर हे भिंतीलाच विचारतील, जाऊ का म्हणून.

वस्तू होती एक कार्ट्रिज. हातात धरून खेळायच्या जुन्या व्हिडिओ गेमच्या पाठीत खुपसायची, बिस्किटाएवढी प्लॅस्टिकची वडी. गेम मूळचा त्याच्या मुलीचा. ती मोठी होऊन नोकरीला लागली तेव्हा तो नियमरावच्या थोरल्या बहिणीकडे, ताईकडे गेला. ताईने जन्मभर टेलिफोन खात्यात परक्यांचे फोन एकमेकांना जोडून दिले होते. आजारपणात दिवस खायला उठले तेव्हा तिने हा गेम हातात घेतला आणि शेवटपर्यंत सोडला नाही. खेळात एक ओसाड बेट मिळायचं. त्यावर घरं बांधायची, झाडं लावायची, मासे पकडायचे. ताईने तिथे अख्खं खानदान वसवलं. नियमरावला ताजा पाव लागतो म्हणून त्याचं घर बेकरीला लागून. भाचीचं घर टेकडीवर. स्वतःच्या नवऱ्याचं, म्हणजे भावोजींचं घर मात्र तिने पार टोकाला, दलदलीत बांधलं होतं.

ताई गेल्यावर नियमराव दर रविवारी दार लोटून घ्यायचा आणि बेटावर एक फेरी मारून यायचा. तिथे ताई होती. लाल फ्रॉक घालून, हातात गळ धरून पाण्याच्या काठी बसलेली, शेवटच्या दिवशी खेळ थांबवताना बसली होती तिथेच. नियमरावला तिची फार आठवण यायची. घरातले तिचे कपडे वाटून झाले होते, खोली भावोजींनी बंद केली होती. ताई शाबूत होती ती एवढ्या एका जागी.

आणि हे बेट लक्षात ठेवायचं काम कार्ट्रिजच्या पोटातला एक चपटा सेल करतो, सेल संपला की बेट पुसलं जातं, असं मुलीने सांगितलं तेव्हा त्याची पाचावर धारण बसली. सेल जुना होता. मुलीने उपायही आणला होता. काडेपेटीएवढं एक यंत्र. त्यात कार्ट्रिज बसवायचं, वायर कॉम्प्युटरला लावायची, की बेटाची प्रत निघाली.

"चहा उकळेपर्यंत होईल, बाबा," मुलगी म्हणाली.

झालंही असतं. पण नियमरावने यंत्राचं खोकं उलटं करून पाहिलं. तळाशी, दुकानातल्या डोळे तपासायच्या तक्त्याच्या शेवटच्या ओळीहूनही बारीक अक्षरांत, छापलं होतं की वैयक्तिक प्रत काढण्यापूर्वी स्थानिक नियम पाहावेत. ही ओळ छापणाऱ्यानेसुद्धा वाचली नसेल. नियमरावने वाचली, कारण बारीक अक्षरं वाचणं हा त्याचा धंदा होता.

"कोणी विचारत नाही हो, बाबा."

"म्हणूनच मी विचारणार."

वैयक्तिक प्रत कक्ष सरकारी इमारतीच्या तिसऱ्या मजल्यावर होता. लोक आपापल्या प्रती घरीच काढत असल्यामुळे कक्ष स्थापन झाल्यापासून तिथे एकही अर्ज आला नव्हता, आणि कामाअभावी तो बंद करावा असं वरच्या पातळीवर जवळजवळ ठरलं होतं. नियमराव दारात उभा राहिला तेव्हा अधीक्षक मॅडमनी स्वतः उठून त्याला खुर्ची दिली. निरीक्षकाचे डोळे भरून आले. त्याने सुखावून पंखा नियमरावच्या दिशेला वळवला.

"प्रत कशासाठी हवी?" मॅडमनी विचारलं.

"सेल संपत आलाय. संपला की सगळं जाईल."

"म्हणजे अजून गेलेलं नाही."

"नाही."

"मग गरज उद्भवलेली नाही. उद्भवली की या."

"पण तेव्हा प्रत काढायला काही उरणारच नाही, मॅडम."

"बरोबर," मॅडम समाधानाने म्हणाल्या. "म्हणूनच या बाबतीत आजवर एकही गैरप्रकार झालेला नाही."

नियमराव उठू लागला तशा मॅडम भानावर आल्या. अर्ज नामंजूर केला तर प्रकरण संपणार, मंजूर केला तरी संपणार, आणि प्रकरण संपलं की कक्ष संपणार. तेव्हा त्यांनी त्याला पुन्हा बसवलं आणि अर्ज विचारार्थ ठेवून घेतला. या एका प्रलंबित प्रकरणाच्या जोरावर कक्षाचा वाढता कार्यभार सिद्ध झाला. पुढच्या खेपेला नियमराव गेला तर निरीक्षकाला एक उपनिरीक्षक मिळाला होता. त्यानंतरच्या खेपेला एसी आला. नियमरावला पाहून सगळे मनापासून हसत, त्याच्या प्रकृतीची चौकशी करत आणि त्याला पुढची तारीख देत.

मग प्रकरण वैयक्तिक या शब्दापाशी अडलं. प्रत वैयक्तिक हवी, ठीक. पण व्यक्ती कोण? बेट उभारलं ताईने, तेव्हा व्यक्ती ताई. तिची हरकत नसल्याचं तिच्याकडून आणावं लागेल. ती हयात नाही, असं नियमरावने सांगितलं. मॅडमनी हळहळ व्यक्त केली. हयात नसलेल्या व्यक्तीची हरकत असू शकत नाही हे त्यांनाही मान्य होतं, फक्त तसं तिच्या वतीने कोणीतरी सही करून द्यायला हवं होतं.

सही भावोजींची लागणार होती. भावोजींनी बेट कधी पाहिलंच नव्हतं. नियमराव आणि मुलगी गेम घेऊन त्यांच्याकडे गेले. भावोजींनी चष्मा पुसून पडद्यात डोकं घातलं आणि पहिला प्रश्न विचारला तो त्यांचं घर कुठे आहे हा. नियमरावने घसा खाकरला. मुलगी खिडकीबाहेर बघू लागली.

"दलदलीत?" भावोजी म्हणाले. "जन्मभर संसार केला तिच्याशी, आणि मला दलदलीत टाकलं? आधी मला चांगल्या वस्तीत हलव. मग सही."

ताईने ठेवलंय तसंच राहील, मी काडीलाही हात लावणार नाही, असं नियमरावने सांगितलं. दोघे हटून बसले. चहा गार झाला. मग भावोजींनीच, निदान शेजार कसा आहे ते तरी बघू, म्हणून कुरकुरत दलदलीत चक्कर मारली. लाल फ्रॉकवाली ताई तिथे होती. भावोजींच्या घराच्या पायरीवर, दाराला पाठ टेकून, गळ टाकून बसलेली. बेटाला सगळीकडून किनारा असताना तिने बसायला ही पायरी निवडली होती. भावोजींनी चष्मा काढून पुन्हा पुसला. मग त्यांनी सही केली. करताना नजर पडद्यावरच होती, त्यामुळे ती त्यांच्या ओळखपत्रावरच्या सहीशी जुळेना आणि मॅडमनी ती पुन्हा आणायला लावली.

यानंतर एकच पायरी उरली. मूळ वस्तू चालू स्थितीत असल्याची खात्री केल्याशिवाय तिची प्रत काढू देता येत नाही. सबब कार्ट्रिज गेमसह तपासणीसाठी कक्षात जमा करावं.

जमा करायच्या आदल्या संध्याकाळी मुलीने टेबलावर कार्ट्रिजशेजारी ते यंत्र आणून ठेवलं, वायर जोडली आणि बाहेर जाऊन चहा ठेवला. नियमराव यंत्राकडे बघत बसला. हात पुढे गेलासुद्धा. पण परवानगीआधी काढलेली प्रत म्हणजे चोरी, आणि ताईची चोरी करायची, हे त्याच्या मनाला पटेना. बाहेर चहा उकळला, उतू गेला, गॅस बंद केल्याचा आवाज आला. यंत्र जसं होतं तसं राहिलं. सकाळी कार्ट्रिज कक्षात देताना त्याला ताईला शेवटचं हॉस्पिटलात ठेवून परत निघताना वाटलं होतं तसंच वाटलं.

तपासणी नेटाने सुरू झाली. नियमराव जाई तेव्हा निरीक्षक मान खाली घालून गेम खेळत असे आणि उपनिरीक्षक त्याच्या खांद्यावरून सूचना देत असे. वस्तूची सर्व कार्ये तपासणं बंधनकारक असल्याचं त्याला कळवण्यात आलं. मध्यंतरी त्याच्या प्रकरणाची बातमी कुठल्याशा पेपरात आली, अशी परवानगी लागते हे लोकांना प्रथमच कळलं, आणि कक्षाबाहेर माणसं जमू लागली. आता कक्षाला नियमरावची गरज उरली नव्हती, आणि म्हणून त्याचं काम झालं.

मॅडमनी परवानगीचं प्रमाणपत्र फ्रेम करून ठेवलं होतं. पहिला परवानाधारक म्हणून त्याचा फोटो काढण्यात आला. मग निरीक्षकाने लाजत लाजत आणखी एक आनंदाची बातमी दिली.

"तुमची मूळ अडचण सेलची होती ना, साहेब? तपासणीत तो अशक्त आढळला. म्हटलं, कशाला तुम्हाला त्रास? कार्ट्रिज उघडून नवाच टाकला."

नियमरावने गेम सुरू केला. बेट होतं. काठावर एक दुमजली घर होतं, त्याच्या दारावर अधीक्षक अशी पाटी होती. बेकरी नव्हती. टेकडी सपाट केलेली होती. दलदल बुजवून तिथे वाहनतळ केला होता, आणि त्याच्या कडेला निळ्या टोपीतला एक माणूस गळ टाकून बसला होता.

"हा मी," निरीक्षक म्हणाला. "मासे काय लागतात तिथे."

"इथे एक बाई होत्या. लाल फ्रॉकमध्ये."

निरीक्षकाने आठवून पाहिलं. सेल काढला तेव्हा सगळं कोरं झालं होतं, असं त्याने सांगितलं. पण वस्तू ठणठणीत आहे हे लेखी दिलेलं आहे, काळजी नसावी. मॅडम म्हणाल्या, आता खुशाल प्रत काढा. निरीक्षकाने विचारलं, काढाल तेव्हा मलाही एक द्याल का, माझा खेळ अर्धा राहिलाय. त्यावर मॅडमनी त्याच्याकडे कडक नजरेने पाहिलं आणि त्यासाठी त्याला रीतसर अर्ज करावा लागेल असं बजावलं.

ताई दुसऱ्यांदा गेली होती, आणि या खेपेला नियमरावच तिला आपल्या हाताने पोचवून आला होता.

तो फ्रेम काखोटीला मारून बाहेर आला. व्हरांड्यात आखलेल्या पांढऱ्या रेषेच्या आत, जिन्यापर्यंत रांग होती. लोकांनी त्याला काखेतल्या फ्रेमवरून ओळखलं, बाजूला सरून वाट दिली. रांगेच्या शेवटी त्याच्या मुलीच्या वयाची एक बाई रुमालात काहीतरी घट्ट धरून उभी होती.

"काका, तुम्हालाच मिळाली ना परवानगी?" तिने रुमाल उघडून दाखवला. आत कार्ट्रिज होतं. "माझ्या बाबांचा खेळ आहे यात. सेल जाईल म्हणतात. भावाकडे ते यंत्र आहे, तो म्हणतो घरीच काढू. मला काही सुचत नाहीये. काय करू हो?"

घरी जा, एवढंच सांगायचं होतं. शब्द ओठांपर्यंत आलेही होते. पण ही पोरगी जर आता घरी गेली आणि चहा उकळेपर्यंत तिचे बाबा वाचले, तर मग आपण इथे इतके दिवस काय करत होतो? ताईला कशासाठी घालवलं? हा विचार त्याला सोसवेना. त्याने फ्रेम घट्ट धरली.

"नियम आहे," तो म्हणाला. "मीही उभा राहिलो. आणि जरा त्या पांढऱ्या रेषेच्या आत उभी राहा."

तिने मान डोलावली आणि पाय आत घेतला.

तुम्हाला नियमरावचा राग आला असेल. यायलाच हवा. तुम्ही तिला घरी पाठवलं असतं, यात काय शंका? घरात आलेल्या सुनेला, हाताखाली रुजू झालेल्या नव्या माणसाला तुम्ही नेहमी हेच तर सांगता, की आम्ही सोसलं ते सोसलं, तुम्ही कशाला सोसता. सांगता ना?