रावबहादुरांना शिवेपर्यंत पोहोचवणे

माळशिंगीच्या मुख्य चौकातला रावबहादुरांचा पुतळा फक्त वेठीनेच उचलता येतो, हे दोन क्रेन मोडल्यावर लक्षात आलं.

पहिल्या क्रेनचा दोर तुटला तेव्हा ठेकेदाराला शिव्या बसल्या. दुसरी क्रेन पुण्याहून आणली, तर तिचा लोखंडी हातच वाकला. मग हमाल लावले, मजुरी दुप्पट केली. कॉलेजच्या मुलांनी पांढऱ्या टोप्या घालून श्रमदान केलं, नगराध्यक्षांनीही फोटोपुरता खांदा लावला. पुतळा ढिम्म. शेवटी एका दुपारी बंदोबस्तावरच्या हवालदाराने वैतागून, रस्त्याने चाललेल्या केरबा रणपिसेला जुन्या सवयीने हाक मारली, "ए, इकडं ये. लाव हात." केरबाला एसटी गाठायची होती. त्याने कपाळाला आठ्या घालून हात लावला, आणि पुतळा चौथऱ्यावरून वीतभर वर आला.

"आता जाऊ का?" केरबाने विचारलं.

हवालदाराला हुरूप आला. त्याने समोरच्या मिठाईवाल्यालाही तसंच दरडावून बोलावलं, पण त्याच्या हाताला पुतळा हलेना. दोन दिवस असे प्रयोग झाले आणि शहर अभियंत्याने अहवाल दिला. ज्यांच्या आजोबा-पणजोबांनी रावबहादुरांची वेठ केली त्यांचाच खांदा लागतो. मजुरीचा शब्द काढला की पुतळा जड होतो. खुशीने उचलला तरी जड होतो. हुकमाने, फुकट आणि मनाविरुद्ध उचलला, तर रिकाम्या पाटीएवढा हलका लागतो.

खुशीबद्दलचा भाग भीमनगरच्या विलासमुळे कळला होता. तो म्हणाला होता, "याला हटवायचं तर मी एकटा नेतो, हौसेनं नेतो." त्याचं बोलणं संपताच पुतळा जड होऊन खाली बसला आणि त्याच्या पायाची दोन बोटं गेली. ती जखम बांधायला प्रज्ञाच होती. प्रज्ञा शेजारच्या तांबेवाडीत दिलेली, तिथल्याच उपकेंद्रात नर्स. तिची आई शेवंताबाई रणपिसे, नगरपालिकेच्या शाळेतून निवृत्त झालेली मास्तरीण. पुतळा हटवा म्हणून पहिला अर्ज करणारी तीच.

माळशिंगीला रावबहादुरांचं कौतुक होतं ते तळ्यासाठी. दुष्काळात त्यांनी तळं बांधलं आणि गाव जगलं, असं पाठ्यपुस्तकात नसलं तरी सगळ्यांना पाठ होतं. तळं खणलं ते खालच्या वस्तीने, म्हणजे आजच्या भीमनगरने, वेठीने. बांधाची भिंत दोनदा खचली आणि दोन्ही वेळा माणसं आत गेली. त्यांना काढायला वेळ नव्हता, म्हणून वरून माती ओढून भिंत पुरी केली. त्यात शेवंताबाईचे पणजोबा होते. पुढे रावबहादूर वारले, तेव्हा त्यांचा पंचधातूचा पुतळाही स्टेशनपासून चौकापर्यंत त्याच वस्तीच्या खांद्यावरून आला. तळ्याकडे बोट दाखवत तो उभा होता, आणि शेवंताबाई रोज त्याच्या खालून शाळेत जात होती. कित्येक वर्षं कोर्टकचेऱ्या करून तिने निकाल मिळवला. महिनाअखेरीपर्यंत पुतळा हटवा, नाहीतर तो वारसा म्हणून कायमचा राहील.

मुख्याधिकारी खानविलकरने बोलावलं तेव्हा प्रज्ञाने आईला स्कूटरवर बसवून नेलं. खानविलकर भला माणूस होता. त्याच्या मागे भिंतीवर संविधानाची उद्देशिका लावलेली होती. बोलायला सुरुवात करण्यापूर्वी त्याने खुर्ची अशी सरकवली, की उद्देशिका त्याच्या पाठीआड गेली.

"बाई, तुम्ही जिंकलात," तो म्हणाला. "फक्त उचलायचं तेवढं राहिलंय."

"आम्हीच?"

"चार माणसं पुरतात. वजन काहीच लागत नाही म्हणतात."

"वजनाचं कोण बोलतंय, साहेब?" प्रज्ञा म्हणाली.

"मला कळतंय हो. मलाही बरं वाटत नाही." त्याने टेबलावरचा पेपरवेट उगाच इकडचा तिकडे केला. "पण तारीख जवळ आलीय. आणि तुम्ही आपणहून येऊन चालणार नाही. मला रीतसर वेठीचा हुकूम काढावा लागेल. पोलीस दारात येतील. त्याबद्दल मी आधीच माफी मागतो."

प्रज्ञाला वाटलं, आई आता उठेल आणि याच्या तोंडावर चार शब्द फेकून चालू लागेल. वर्गात पोरांच्या छातीत धडकी भरवणारी तिची आई. पण आई हळूच म्हणाली, "एकदाच ना?"

"एकदाच," खानविलकर म्हणाला.

भीमनगरात त्या संध्याकाळी बैठक झाली. कोणी आरडाओरडा केला नाही, तेच प्रज्ञाला सहन झालं नाही. केरबा तेवढा बोलला.

"बाई, काडा म्हनून आपुन मोर्चं काडलं. उचला म्हनून न्हाई."

"खरं आहे."

"माझ्या आज्याच्या खांद्यावर गाठ व्हती, मुठीएवढी. मरताना सुदीक व्हती. त्यो म्हनायचा, तुमच्या खांद्यावर शाळेचं दप्तर दिसलं, मी सुटलो."

"केरबा, मला लाज वाटतेय," शेवंताबाई म्हणाली. "पण तो तिथे राहिला तर आपली नातवंडंही त्याच्या खालूनच जातील. एक कोपरा मी धरीन."

"आई, तू अजिबात नाही," प्रज्ञा म्हणाली.

"मी सांगायचं आणि दुसऱ्यांनी उचलायचं, तर मग माझ्यात आणि त्याच्यात फरक काय?"

हुकमाच्या दिवशी पोलीस दारोदार काठी आपटत आले. काठी आपटून झाली की प्रत्येक जण खालच्या आवाजात म्हणायचा, "माफ करा, वरून आहे." केरबा, विलासचे दोघे भाऊ आणि शेवंताबाई, असे चौघे धरून नेले. पुतळा खरंच हलका होता. चौकात टाळ्या पडल्या. माळशिंगी किती पुढे गेली, हे एक टीव्हीवाला कॅमेऱ्यात तोंड घालून सांगत होता. प्रज्ञा आईच्या बाजूने चालत होती. आईचे ओठ घट्ट मिटलेले होते आणि ती कोणाकडेच बघत नव्हती.

घोडं अडलं ते नगरपालिकेच्या गोदामापाशी. "ठेवा," अभियंता म्हणाला. चौघे वाकले, गुडघ्यावर बसले, अंग झटकून पाहिलं. पुतळा खांद्यावरून सुटेना. ओढलं तर कातडी ओढली जाई.

"वेठीचं ओझं जमिनीवर ठेवत नाहीत," शेवंताबाई म्हणाली. हे तिनेच अर्जात लिहिलं होतं, क्रूरपणाचं उदाहरण म्हणून. साहेबाचं सामान असो की सरकारचं, ते गावच्या शिवेपर्यंत न्यायचं आणि पुढच्या गावच्या वस्तीच्या खांद्यावर द्यायचं. खांद्यावरून सुटतं ते दुसऱ्या खांद्यावरच.

खानविलकरने कपाळावरचा घाम पुसला. "मग शिवेपर्यंत. तांबेवाडीला फोन करतो."

"आणि तांबेवाडीच्या पुढे?"

"पुढे पुढचं गाव."

"शेवटी कुठे?"

"बाई, आमची हद्द शिवेपर्यंत आहे," खानविलकर म्हणाला. टाळण्यासाठी म्हणाला असं नाही, तेवढंच त्याला ठाऊक होतं.

अर्ध्या तासाने प्रज्ञाचा फोन वाजला. नवरा होता. तांबेवाडीत पोलीस घरी आले होते, चार नावं घेऊन. "त्यात तुझं आहे," तो म्हणाला. "माझंही घाला म्हटलं, तर म्हणाले चारच पुरतात. रणपिसेंची मुलगी चालते म्हणे, खांदा खात्रीचा." प्रज्ञाने आईकडे पाहिलं. आईने ऐकलं होतं. प्रज्ञा स्कूटर घेऊन पुढे गेली, कारण हुकूम होता.

शिवेवर एक दगड होता आणि बाभळीची दोन झाडं. तांबेवाडीचे सरपंच, एक हवालदार आणि वस्तीतले तिघे येऊन थांबले होते. प्रज्ञाने टॉवेलची घडी करून खांद्यावर ठेवली आणि तिघांच्या शेजारी उभी राहिली. उभं राहिल्यावर तिला राग आला. ती शिकली, नोकरीला लागली, स्वतःच्या पगारातून स्कूटर घेतली, आणि एका फोनवर इथे येऊन रांगेत उभी राहिली.

पुतळा आला, बोट पुढे करून. मागे खानविलकरची जीप होती. सरपंच पहिल्यांदा स्वतः पुढे झाले, मनापासून झाले. त्यांनी केरबाच्या कोपऱ्याखाली खांदा घातला, पण पुतळ्याने काही त्यांचा खांदा धरला नाही.

"मी करून बघितलं, बाई," ते म्हणाले. "माझा चालत न्हाई." आणि ते बाजूला झाले.

"आई, दे," प्रज्ञा म्हणाली.

"तुला देऊ?"

"लवकर दे. तुझा चेहरा बघ कसा झालाय. पुढची शीव काही लांब नाही, आम्ही नेतो. तिथे त्यांची माणसं येतील."

"त्यांच्यात कोण आहे?"

प्रज्ञाने खांद्यावरचा टॉवेल सारखा केला. पुढच्या गावात तिची मावसबहीण दिलेली होती.

शेवंताबाईने मान वळवून पुढच्या रस्त्याकडे पाहिलं. तिने आयुष्यभर भूगोल शिकवला होता. त्या रस्त्यावरची गावं तिला ओळीने पाठ होती, आणि प्रत्येक गावाच्या कडेला एक वस्ती होती. मग ती वर्गातल्या आवाजात म्हणाली, "केरबा, तुझा कोपरा माझ्या खांद्यावर दे."

"बाई?"

"दे म्हणते ना. खांद्यावरून खांद्यावर सुटतो. पोरांनो, तुम्हीपण."

केरबा सुटला, विलासचे भाऊ सुटले. अख्खा पुतळा तिच्या एकटीच्या खांद्यावर उभा राहिला. हलकाच होता. ती दोन पावलं चालून दगडाच्या रेषेत उभी राहिली, एक पाय माळशिंगीत आणि एक तांबेवाडीत.

"लांब व्हा सगळे. प्रज्ञा, तूपण हो."

खानविलकरला आधी समजलं. तो जीपमधून धावत आला. "बाई, काही बोलू नका! तुम्ही हुकमाने धरलंय. माझा हुकूम आहे!"

"तुमचा हुकूम इथे संपला, साहेब. तुमची हद्द शिवेपर्यंत." तिने हवालदाराकडे पाहिलं. "आणि यांच्या कागदावर माझं नाव नाही."

"आई, माझ्याकडे दे!" प्रज्ञा धावली. केरबाने तिला कमरेला धरून मागे ओढलं. ती त्याला चावली, तरी त्याने सोडलं नाही.

"प्रज्ञा, ऐक," शेवंताबाई म्हणाली. "हे पुढे जायचं नाही." मग ती सरळ उभी राहिली आणि सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाली, "हा मी माझ्या खुशीने धरलाय."

पुतळ्याला त्याचं सगळं वजन एकदम आलं. बाभळीवरचे पक्षी उडाले. शेवंताबाईला ओरडायला वेळ मिळाला नाही, ओरडली ती प्रज्ञा.

दोन्ही गावांचे पंचनामे झाले. माळशिंगीच्या पंचनाम्यात पुतळा तांबेवाडीत पडला, तांबेवाडीच्या पंचनाम्यात तो माळशिंगीतून बाहेरच आला नाही. कोर्टाने पुतळा चौकातून हटला एवढं पाहिलं आणि प्रकरण निकाली काढलं. चौकात आता कारंजं आहे. रावबहादूर शिवेवर काळ्या मातीत कमरेपर्यंत रुतून कलले आहेत, आणि त्यांचं बोट जमिनीकडे आहे.

तिसऱ्या दिवशी खानविलकर तांबेवाडीच्या उपकेंद्रात आला. लसीकरणाचा वार होता, म्हणून तो बायकांच्या मागे बाकावर थांबला. नंबर आल्यासारखा उठून म्हणाला, "बाईंना पुतळ्याखालून काढायला हवं."

"हो."

"क्रेनने पाहिलं. होत नाही. चार माणसं लागतील. मी हुकूम काढतो, तांबेवाडीही काढेल. उचलायचा, बाईंना घ्यायचं. केरबा आणि विलासचे भाऊ म्हणतात, तुम्ही हो म्हणालात तर ते येतील. बाईंसाठी येतील, पण मनातून नको आहे त्यांना, म्हणजे जमेल."

"आणि उचलल्यावर ठेवायचा कुठे?"

खानविलकरने बाकावरच्या बायकांकडे पाहिलं.

"तो खांद्यावरून सुटणार नाही, साहेब. पुढच्या शिवेवर न्यावा लागेल. मग त्याच्या पुढच्या."

"ती तुमची आई आहे," तो म्हणाला. त्याचे डोळे भरले होते आणि त्याने ते लपवले नाहीत.

"नाही उचलणार," प्रज्ञा म्हणाली. मग तिने पुढच्या बाळाचं नाव पुकारलं.

खानविलकरची बदली झाली. नवीन आलेल्या साहेबालाही प्रकरण उघडं ठेवता येत नाही, म्हणून दर महिन्याला नगरपालिकेचा माणूस विचारायला येतो. प्रज्ञा त्याला चहा देते. तो विचारतो, ती नाही म्हणते, तो कप खाली ठेवतो आणि जातो. आईला तिथून काढून रीतसर माती द्यावी असं तिला रोज वाटतं. पण त्याला खांदा लावणं तिला मनातून नको आहे, म्हणूनच पुतळा तिच्या खांद्याला अगदी हलका लागेल, हे तिला माहीत आहे.