ठेचपची मुदत

तांबडमाळ गावात ‘ठेचप’ हा शब्द तीन वर्षांच्या तात्पुरत्या परवान्यावर वापरात होता आणि त्याची मुदत येत्या शुक्रवारी संध्याकाळी साडेपाचला संपत होती. परवाना एस.टी. स्टँडसमोरच्या शालन इंगवलेच्या भज्यांच्या गाड्यावर, कढईच्या वरच्या अंगाला चिकटवलेला होता. तेलाच्या वाफा खाऊन खाऊन तो इतका पातळ झाला होता की त्याच्या मागचं कॅलेंडर आरपार दिसायचं.

ठेचप म्हणजे काय हे तांबडमाळमध्ये कुणाला सांगावं लागत नव्हतं. लग्नाच्या एका ऑर्डरीतून उरलेली केचपची बरणी शालनच्या हातून निसटली आणि तिच्या मोठ्या जावेनं, हौसाक्कानं, नुकत्याच कुटलेल्या लाल मिरचीच्या ठेच्यात उपडी झाली. दुसरं काही करायला वेळ नव्हता. समोर फलटण गाडीचा कंडक्टर वडा हातात धरून उभा होता. शालननं तेच वाढलं. कंडक्टरच्या डोळ्यांतून पाणी आलं, नाकातून आलं, आणि दुसऱ्या दिवशी त्यानं गाडी थांबायच्या आधीच खिडकीतून हाक दिली, “कालचं ते ठेचप ठेवा दोन प्लेटी!” आठवड्याभरात सगळं गाव तेच म्हणू लागलं. महिन्याभरात जिल्हा शब्द कार्यालयाचा शिपाई येऊन तात्पुरता परवाना देऊन गेला.

सगळं गाव म्हणू लागलं, एक हौसाक्का सोडून.

“माझ्या ठेच्यात गोड चिखल कालवला आन् वर त्याचं बारसं केलं,” असं ती पहिल्याच दिवशी म्हणाली आणि पुढं तीन वर्षं त्या शब्दाला तिनं ओठ लावला नाही. काम मात्र सोडलं नाही. काम वेगळं आणि राग वेगळा, असा तिचा हिशेब होता. रोज सकाळी सातला ती पातेलंभर ठेचा गाड्यावर आणून ठेवायची. त्याला ठेचा म्हणायची. संध्याकाळी रिकामं पातेलं न्यायला यायची. मधल्या वेळात त्यात शालन जे काही कालवून विकायची, त्याला ती ‘ते’ म्हणायची.

तात्पुरता शब्द कायम झाला नाही तर काय होतं, हे पाहायला शालनला लांब जावं लागत नव्हतं. रस्त्याच्या पलीकडं नसीरभाई मुलाणींची बेकरी होती. त्यांनी सहा वर्षांपूर्वी एक नवा पदार्थ काढला होता, थोडा खारीसारखा आणि थोडा शंकरपाळ्यासारखा. त्याला छान नाव होतं. मुदतीत पुरेसा वापर झाला नाही, म्हणून शब्द काढून घेण्यात आला. आता तो पदार्थ काचेच्या कपाटात दिसायचा. गिऱ्हाईक कपाटासमोर उभं राहायचं, तोंड उघडायचं, क्षणभर तसंच उघडं ठेवायचं आणि मग म्हणायचं, “टोस्ट द्या पावशेर.” बोट दाखवायला जावं तर बोटसुद्धा टोस्टकडंच वळायचं. नसीरभाई तरीही रोज दोन ट्रे भाजत आणि संध्याकाळी घरी नेऊन चहात बुडवून खात. “चव अजून तशीच आहे, शालनबेन,” ते म्हणत, “पण कशाची ते सांगता येत नाही.” हे ऐकलं की शालन मान वर करून आपला परवाना बघायची. गाडा बंद पडेल याची तिला तेवढी भीती नव्हती. भजी होती, वडे होते. पण तिनं जन्मात एकच नवी गोष्ट केली होती, तीही हात निसटून, आणि ती अशी काचेमागं तोंड मिटून बसलेली तिला बघवली नसती.

सोमवारी सकाळी शब्द कार्यालयाचे निरीक्षक हुद्दार आले. बारीक माणूस, पांढरा बुशशर्ट, काखेत नोंदवही. त्यांनी पाण्याच्या पिंपाशेजारचं स्टूल पुसून घेतलं आणि नियम सांगितले.

“रोजचा वापर सिद्ध व्हावा लागतो. पाच दिवसांत तीन नोंदी. बोलणाऱ्याचं लक्ष शब्दाकडं नसावं, दुसऱ्या कशाकडं तरी असावं. तुमचा स्वतःचा उच्चार धरला जाणार नाही. आणि ज्याची नोंद झाली त्याला ते कळता कामा नये. कळलं तर नोंद रद्द.”

“कधीपर्यंत रद्द?” शालननं विचारलं.

“कायमची. तुम्ही वीस वर्षांनी सांगितलंत तरी.”

“तुम्ही भजी खाणार का, साहेब?”

“तपासणीच्या काळात नाही. डबा आणलाय.” डब्यात दोडक्याची भाजी होती, आणि ती त्यांना आवडत नव्हती हे सगळ्यांना दिसत होतं.

इथंच तांबडमाळनं घोळ केला. गाव शालनवर जीव टाकणारं होतं. ग्रामपंचायतीच्या भोंग्यावरून सकाळी आठला पुकारा झाला, की सर्व ग्रामस्थांनी ठेचप या शब्दाचा जास्तीत जास्त वापर करून सहकार्य करावं. शाळेत प्रार्थनेनंतर तीनदा म्हणून घेतला. लोक गाड्यासमोरून जाताना रामराम घालायचे सोडून “ठेचप, शालनताई!” म्हणू लागले. पोस्टमननं सायकल थांबवून, घसा खाकरून, निरीक्षकांकडं बघत म्हटलं, “आज आमच्या घरी ठेचपचाच बेत आहे.”

हुद्दार प्रत्येक वेळी वहीत लिहीत आणि लगेच खोडत. “कौतुकानं उच्चारला. बाद.” “सहकार्यार्थ. बाद.” “माझ्याकडं बघून. बाद.” सोमवारी दिवसभरात चारशे बारा वेळा शब्द उच्चारला गेला आणि नोंद एकही झाली नाही.

मंगळवारी दुपारी स्टँडच्या बाकावर परगावची एक म्हातारी झोपली होती. झोपेतच तिनं कूस बदलली आणि स्वच्छ आवाजात म्हणाली, “मला ठेचप नको गं सूनबाई, पोटात आग पडती.” हुद्दार स्टुलावरून उठले, बाकापर्यंत चवड्यावर गेले, ती खरोखर झोपलीय का ते वाकून पाहिलं आणि परत येऊन लिहिलं: “झोपेतला वापर. नकारार्थी. ग्राह्य.” म्हातारी चारच्या गाडीनं निघून गेली. शालननं लांबूनच तिला हात जोडले.

बुधवारी दोन जीपवाल्यांत सीट भरण्यावरून जुंपली. एकानं दुसऱ्याची कॉलर धरली, तेव्हा दुसरा ओरडला, “त्वांड बघ की आरशात! ठेचप फासल्यागत लाल झालंय, आन् मला शिकवतोय!” हुद्दारांनी भांडण संपेपर्यंत वाट पाहिली. मग लिहिलं: “भांडणात. उपमेसह. ग्राह्य.” लिहिताना त्यांच्या चेहऱ्यावर समाधान होतं. उपमेसह नोंद त्यांना बऱ्याच वर्षांत मिळाली नव्हती.

दोन झाल्या, एक राहिली. आणि नेमकं तेव्हापासून शब्द अडला. आता एकच हवाय म्हटल्यावर गिऱ्हाइकांना धास्ती बसली. चुकून लक्षपूर्वक म्हटला गेला तर काय, म्हणून लोक म्हणेनासेच झाले. गाड्यासमोर येऊन “एक वडा आणि...” इथं थांबायचे, घाम पुसायचे आणि कोरडा वडा घेऊन जायचे. गुरुवारी दिवसभरात शब्द तीनदाच उच्चारला गेला, तिन्ही वेळा भोंग्यावरून.

गुरुवारी संध्याकाळी हौसाक्का पातेलं न्यायला आली. हुद्दार त्या दिवसापुरते निघून गेले होते. शालननं लाज बाजूला ठेवली.

“आक्का, एकदा म्हन की गं.”

“काय म्हनू?”

“तुला ठावं हाय काय.”

“जीभ झडली तरी न्हाई म्हनायची.” हौसाक्कानं पातेलं उचललं. “तीन वर्सं न्हाई म्हटलं, आन् आता कशापायी?”

“उद्या जाईल तो शब्द. मग कुनालाच म्हनता यायचा न्हाई. तुला बी न्हाई.”

हौसाक्का थोडी थांबली. पातेल्याच्या काठाला लागलेलं लाल बोटानं पुसून तिनं ते जिभेवर ठेवलं, तोंड वाकडं केलं आणि म्हणाली, “साखर जास्त झाली आज.” आणि गेली. ती कोपऱ्यावर वळेपर्यंत शालन तिच्याकडं बघत होती. आता आक्कानं कबूल होऊन म्हटलं असतं तरी ते धरलं गेलं नसतं, हे शालनला माहीत होतं. तरी तिला वाईट वाटायचं ते वाटलंच.

शुक्रवार उजाडला आणि कुणाच्या तोंडून काही निघालं नाही. दुपारी नसीरभाई येऊन गेले. एका कागदात ते आपला पदार्थ घेऊन आले होते. “खा,” म्हणाले. “सवय करून घ्या.” शालननं खाल्लं. चव चांगली होती.

पाच वाजले. गाड्याभोवती पंचवीसतीस माणसं नुसतीच उभी होती. हुद्दारांनी हातातलं घड्याळ काढून वहीवर ठेवलं. पाच वाजून दहा मिनिटांनी हौसाक्का पातेल्यासाठी आली. गर्दीकडं तिनं पाहिलं न पाहिल्यासारखं केलं.

शालननं ठरवलं की शेवटची वीस मिनिटं आपण आपलं काम करावं. कढईत शेवटचा घाणा सोडला होता. डाव्या हातानं तिनं मागच्या फळीवरची मोठी बरणी काढली, उजव्या हातात झारा होता, नजर घड्याळावर होती. झारा तिरका बसला. भजं उलटायच्या ऐवजी उडालं आणि उकळतं तेल तिच्या मनगटावर आलं. ती ओरडली नाही. फक्त श्वास आत ओढला आणि बरणी तशीच धरून उभी राहिली.

हौसाक्काच्या हातातलं पातेलं खाली पडलं.

“अगं ती ठेचपची बरणी ठेव खाली आधी! बघतीस काय? इकडं आन हात, पान्यात घाल!”

तिनं शालनच्या हातातली बरणी हिसकून फळीवर आदळली, तिचं मनगट धरलं आणि तिला ओढत पिंपापाशी नेलं. वाटेत स्टूल होतं, स्टुलावर हुद्दार होते. “उठा हो, मधी काय बसलाय!” हुद्दार उठले. हौसाक्कानं पिंपाचं झाकण फेकलं आणि शालनचा हात कोपरापर्यंत गार पाण्यात बुडवला.

पोस्टमननं तोंडावर हात धरला. नसीरभाई दुसरीकडं बघू लागले. हुद्दारांनी वही तळहातावर घेतली आणि उभ्या उभ्या, सुवाच्य अक्षरात लिहिलं: “हौसाबाई इंगवले. जावेचा हात भाजला म्हणून. लक्ष हाताकडं. ग्राह्य.” खाली सही केली, वेळ टाकली, पाच सोळा. खिशातून शाईचं पॅड काढून परवान्यावर ‘कायम’ असा शिक्का मारला. तेलकट कागदावर तो पहिल्यांदा उमटला नाही, म्हणून दुसऱ्यांदा दाबून मारला.

शालननं ते सगळं पाहिलं. आणि मग तिला रडू फुटलं. पाच दिवसांचं, खरं तर तीन वर्षांचं, सगळं एकदम. खांदे हलायला लागले, नाक वाहायला लागलं, आणि मधेच हसूही येत होतं ते तिला आवरेना.

“लई झोंबतंय व्हय?” हौसाक्का घाबरली.

“व्हय आक्का. लई.”

“मग हसतीस कशाला, येडे?”

“बरं बी वाटतंय.”

हुद्दारांनी वही काखेत मारली. जाता जाता ते गाड्यापाशी थांबले आणि मळलेल्या नोटा हातात धरून म्हणाले, “आता चालेल. एक प्लेट वडा. ठेचप जादा.” घाणा करपत होता. हौसाक्कानंच एका हातानं भजी उपसली, वडा बांधला, बरणीतलं लाल डावभर वर घातलं आणि पुडी त्यांच्या हातात कोंबली. पुडी घेऊन ते फलटण गाडीत चढले. खिडकीतून बराच वेळ त्यांचं नाक पुसणं दिसत होतं. माणसं एकेक करून पांगली. हौसाक्काशी कुणीच बोललं नाही, आणि तिला ते नेहमीसारखंच वाटलं.

तिनं पदराची चिंधी ओली करून शालनच्या मनगटाला बांधली. गाठ मारताना मान वर न करता विचारलं, “किती वाजले?”

“साडेपाच होऊन गेले.”

“गेला का मग तो?”

“न्हाई गेला आक्का. राहिला.”

हौसाक्काची गाठ मारणारी बोटं थांबली. तिनं मोठा श्वास सोडला, आणि तो आपण सोडला हे कळू नये म्हणून चिंधीवर फुंकर घातली.

“तिसऱ्यांदा कोन म्हनालं?”

“नाव सांगायचं न्हाई असा नियम हाय.”

“गावातलंच का?”

“गावातलंच.”

हौसाक्कानं गाठ घट्ट केली. “कुनी का असंना. लई मोठ्या मनाचं मानूस म्हनायचं.”

“व्हय,” शालन म्हणाली. “लई मोठ्या मनाचं हाय.”

“मग बस गप. चहा टाकते,” हौसाक्का म्हणाली, आणि तिनं स्टोव्ह पुढं ओढला.