खिंडीतल्या चकव्याची हकिकत

श्री. काळाचा धनी जो परमेश्वर, त्याचे पायी मस्तक ठेवून लिहिले ऐसे जे: शके सोळाशे नव्वद, सर्वधारी नाम संवत्सरे, दौलतीत चकवे उठले. दौलत कोणती ते पुसू नये. सांगून कोणाचे भले होणार नाही. चकवा म्हणजे वाट फिरलेली आणि वेळ बिघडलेली जागा. धाकटा चकवा असला तर माणूस आपले शेतात शिरे आणि परमुलखी नदीकाठी निघे, आणि धापा टाकीत घरी येऊन पाहावे तों पोर ठेवून गेला ते बाप जालेले. थोरल्या चकव्यात शिरला तो दिसे, परंतु हाती लागत नसे; आत त्याचा एक श्वास होई, तों बाहेर चार दिवाळ्या होऊन जात. मग महाराजांनी विसाजीपंत म्हणोन शहाणे गृहस्थ होते, त्यांस चकव्यांचा बंदोबस्त सांगितला, आणि पंतांनी धाकट्या चकव्यांतून सुटलेली माणसे बोलावून विचारपूस केली. सर्वांचे एकच म्हणणे पडले की, आत दिशा उलट्या. समोरून बोलले ते पाठीमागून ऐकू येते.

ऐशात सुभानजी जासूद, सरकारचे निरोप पोहोचविणारा, लग्नास वर्ष पुरे न जालेला, घरी येता येता गावावरच्या खिंडीत थोरल्या चकव्यात सापडला. बायको ठकूबाई धावली आणि पाहते तों खांद्यावर घोंगडी, हाती काठी, तोंड गावाकडे, एक पाऊल उचललेले, ऐसा नवरा उभा. दोर फेकला, तो अधांतरी लटकला. आत जाईल तो आतलाच होईल, म्हणोन पंतांनी कोणास जाऊ दिले नाही. मग ठकूबाईने खिंडीतोंडी खोपट घातले आणि तेथेच राहिली. बायाबापड्या म्हणाल्या, "बाई गं, कुंकू पूस आणि दुसरा घरोबा कर." तेव्हा ती कडाडली, "धनी चालत घरी येताहेत, दिसत नाही? डोळे फुटले का तुमचे?" आणि खरेच तो चालत होता. एक पाऊल उचलून टेकण्यास दोन दसरे लागत, इतकेच. ऐसी वर्षे गेली. ठकूबाईचे केस पांढरे जाले, दात पडले, आणि सुभानजीची मिसरूड होती तैसीच राहिली. एके दिवशी ती पंतांस हळूच बोलिली, "पंत, बाहेर येऊन त्यांनी मला आई म्हटले म्हणजे?" पंतांनी उपरण्याने डोळे पुसले आणि निघोन गेले.

पुढे खिंडीत आणखी गुरे माणसे अडकली, सबब महाराजांनी हुकूम केला की, खिंड चिरेबंदी भिंतीने बुजवावी. ठकूबाई दरबारी जाऊन पायांवर पडली. म्हणाली, "महाराज, एक पाऊल राहिले हो! तेवढे पडू द्या, मग भिंत काय, डोंगर घाला." महाराज द्रवले आणि बोलिले, "एक पाऊल दिले. त्यावर मागू नको." मग पंतांनी ताकीद केली की, खिंडीकडे तोंड करून कोणी ब्र काढू नये. कारण जासुदांचा रिवाज मोठा कडक; वाटेस लागल्यावर पाठीमागून हाक आली तर फिरावे, बसावे, हाक मारणाराचे हातचे पाणी प्यावे आणि नव्याने निघावे. आत समोरची हाक पाठीमागून वाजते, म्हणजे एका शब्दाने सगळी मेहनत मातीत! ठकूबाई हसली. म्हणाली, "इतकी वर्षे तोंड मिटून बसले, आता का बोलेन?"

मग पाऊल हद्दीवर आले. खाली एक सुटा धोंडा होता आणि बाजूस दरी. टाच त्या धोंड्यावर पडणार ऐसे दिसले, आणि ठकूबाई ओरडली, "अहो, जपून! धोंडा आहे!"

पंतांनी कपाळावर हात मारला. ठकूबाईने दोन्ही हातांनी तोंड दाबले, पण शब्द गेला तो गेला. कोणी तिला बोल लावतात. लावोत बापडे! चालत्या नवऱ्याचे पायाखाली धोंडा पाहून गप्प बसणारी बायको आम्हांस दाखवावी. काही महिने काहीच जाले नाही, आणि मग ते पाऊल हळूहळू मागे सरले, मान वळू लागली. ठकूबाईने ऊर बडवून घेतला. गवंडी आले, चिरे आले. तेव्हा ती उठली, केस विंचरले, कुंकू लाविले, झऱ्यावरून तांब्या भरून आणिला आणि बोलिली, "पंत, हाक मी मारली, पाणी मीच द्यायचे. नाहीतर बसून राहतील हो ते." पंत म्हणाले, "ठकूबाई, भिंत उठेल." ती म्हणाली, "उठू द्या." आणि आत गेली. आत दिशा उलट्या, म्हणोन इकडून शिरली ती सुभानजीचे पलीकडे दिसू लागली, तांब्या पुढे केलेला. तो तिजकडेच वळत होता. शेवटचा चिरा बसण्याआधी पंतांनी फटीतून पाहिले, तों त्याची मान अर्धीच वळली होती. बायको म्हातारी जाली, हे त्यास अद्याप ठाऊक नव्हते.

ऐसी चकव्याची हकिकत. बाकीचे चकवे यथाकाळ आपोआप विरले. पंत वारले, महाराज वारले, दौलतही बुडाली. खिंडीतला चकवा आहे की विरला, कोणास ठाऊक. भिंत उभी आहे, आणि ती फोडण्याचा हुकूम देणारा कोणी उरला नाही. लेखनसीमा.