टाळीवाले सोमणकाका

लंडनजवळच्या स्लाऊमधल्या सोमणकाकांकडे पहिल्यांदा गेलात, तर ते 'या, बसा' म्हणत नाहीत. दार उघडतात आणि म्हणतात, "एक टाळी वाजवा बघू!" तुम्ही गोंधळून वाजवता. काका डोळे मिटून ऐकतात आणि निकाल देतात. माझ्या टाळीला म्हणाले होते, "ओली आहे. पुण्याचा का?" आहे मी पुण्याचा, पण त्यात ओलं काय, ते अजून कळलेलं नाही.

काका सोल संगीताचे प्रोड्यूसर. सोल म्हणजे अमेरिकेतल्या कृष्णवर्णीयांच्या चर्चमधून आलेलं, काळीज हलवणारं गाणं. सुमतीकाकू इथल्या हॉस्पिटलात डॉक्टर म्हणून आल्या, पाठोपाठ काका आले आणि या गाण्यात असे बुडाले की पुन्हा वर आलेच नाहीत. स्टुडिओ गॅरेजमध्ये. आवाज घुमू नये म्हणून भिंतींना काकूंच्या माहेरच्या गोधड्या. गाडी बारा महिने पावसात. "गाडी गंजली तर गंजू दे रे, सूर गंजता कामा नये!"

काकू गेल्या आणि गॅरेजला कुलूप लागलं. काका टाळीसुद्धा मागेनात. आम्हा शेजाऱ्यांना धास्तीच बसली.

मग एक दिवस काका धापा टाकत माझ्याकडे आले. बसने निघाले होते आणि ड्रायव्हरबाई, इव्हॉन, स्टिअरिंगवर गुणगुणत होती. काका स्वतःचा स्टॉप सोडून थेट डेपोपर्यंत गेले! "अरे, काय व्हॉइस आहे! धरणाचं दार उघडल्यासारखा! शी हॅज नो आयडिया!"

कुलूप निघालं. इव्हॉन ड्युटी संपवून यायची, गायची, गोधड्या थरथरायच्या. गाणं झकास जमलं, पण शेवटच्या टाळ्यांपाशी अडलं. "कॉम्प्युटरमध्ये रेडीमेड टाळ्या असतात, अनिल," इव्हॉन काकांना म्हणाली. "कॉम्प्युटरला तळहात असतात का?" काका गरजले. टाळ्यांशिवाय गाणं नाही, आणि हे गाणं झालं नाही तर काका पुन्हा कुलूप लावणार, हे आम्हाला दिसत होतं.

म्हणून एका रविवारी दुपारी आमचं अख्खं महाराष्ट्र मंडळ गॅरेजमध्ये कोंबलं गेलं. पार उत्तर लंडनमधल्या एजवेअरहूनसुद्धा मंडळी आली.

"लक्षात ठेवा," काका ओरडले, "चार ठोके मोजा, टाळी दोनवर आणि चारवर! एक आणि तीनवर हात एकदम स्टिल!"

पण आमचे हात पडले आरतीवर वाढलेले. प्रत्येक ठोक्याला टाळी, आणि शेवट जवळ आला की सुसाट! जोशीवहिनींनी वेग धरला, त्यांच्यामागे सगळे. गाणं मागे, टाळ्या पुढे. इव्हॉन हसत हसत आमच्यामागून धावत गात होती. शेवटी कोणीतरी उत्साहाच्या भरात "मोरया!" ठोकून दिलं आणि सगळं गॅरेज दणाणलं.

काका हेडफोन लावून उभे. आता ज्वालामुखी फुटणार म्हणून आम्ही माना खाली घातल्या. पण ते हळूच म्हणाले, "झालं. जा, बटाटेवडे गार होतील."

सगळे घरात गेले, मी मागे थांबलो. "काका, पुन्हा घेऊ. मी शिकवतो सगळ्यांना."

"नको." ते तोच तुकडा पुन्हा पुन्हा लावत होते. "सुमतीची टाळी अशीच पळायची रे. प्रत्येक रेकॉर्डिंगला हौसेनं यायची, आणि मी म्हणायचो, तुला ताल नाही, तू किचनमध्ये जा. जायची बिचारी. आमच्यासाठी चहा करायची. इतकी गाणी केली, एकातही ती नाही."

त्यांनी हेडफोन काढून बाजूला ठेवला.

"आज गॅरेजभर सगळ्या सुमतीच होत्या," काका म्हणाले. "आता कुणाला बाहेर पाठवू?"

त्यांनी गाणं पहिल्यापासून लावलं. टाळ्या सुरू झाल्या तसे तेही वाजवू लागले. प्रत्येक ठोक्याला, सगळ्यांच्या पुढे पळत.