हलीमाबी आणि सायगॉनचं सूप

हलीमाबीने तो पापड चिमट्यात धरून गॅसवर नेला आणि तो पेटला. तिने चिमटा झटकला, तर जळता पापड शेजारच्या गोऱ्या बाईच्या टॉवेलवर पडला. टॉवेलही पेटला. मग छतात कुठेतरी भोंगा वाजायला लागला आणि सगळ्या बायका ओले हात वर धरून दाराकडे पळाल्या. मी पळाले नाही, माझे गुडघे पळण्यातले राहिलेले नाहीत. हलीमाबीने पातेल्यातलं पाणी टॉवेलवर ओतलं, "खलास" म्हणाली आणि परत फरशीवर आपल्या विळीवर जाऊन बसली. कांदा चिरायचा राहिला होता.

हे दुबईतल्या एका मोठ्या हॉटेलच्या स्वयंपाकघरात चाललं होतं. चकचकीत फरशी, त्यावर वर्तमानपत्र, वर्तमानपत्रावर विळी आणि विळीवर हलीमाबी.

मॅनेजर धावत आला. केरळचा होता, हिंदी बोलायचा. त्याने आधी टॉवेल पाहिला, मग विळी पाहिली.

"माजी, ये क्या है?"

"विळी," हलीमाबी म्हणाली. "विळी नहीं देखा कभी?"

"नीचे बैठना अलाउड नहीं है. आप दोनों प्लीज बाहर चलिए."

"पैर है तो आयी. सीखे बिना नहीं जायेगी."

मॅनेजर माझ्याकडे वळला. मी तिला समजावीन असं त्याला वाटलं असावं. मी कांदा सोलायला घेतला. आम्हांला बाहेर काढलं असतं तर तिच्या नवऱ्याच्या नाकात नळी गेली असती. मॅनेजरला हे ठाऊक असण्याचं कारण नव्हतं. तुम्हांला सांगते.

दोन हजार सालाच्या आगेमागेची गोष्ट. मी मुलाकडे व्हिजिट व्हिसावर आले होते, दुबईतल्या बर दुबई भागात. समोरच्या फ्लॅटमध्ये इकबाल म्हणून जयगडकडचा मुलगा राहायचा. हलीमाबी त्याची आई. मी देवरुखकडची. दोघी रत्नागिरीच्या म्हटल्यावर पहिल्याच दिवशी तिने दार वाजवलं आणि माझ्या हातात सुक्या बोंबलांची पुडी दिली. "अक्का, तुझी सून हे घरात आणत नसणार. वासावरनंच कळलं मला, तुमच्या घराला वासच नाय."

खरं होतं ते.

हलीमाबीला कुठलीही गोष्ट होणार नाही असं सांगायची सोय नव्हती. लिफ्ट बंद आहे म्हटलं की "पाय आहेत ना मला" म्हणून सहा मजले चढायची. तिथल्या देरा भागातल्या मासळीबाजारात विकणारा "फ्रेश, फ्रेश" ओरडला की "नाक आहे ना मला" म्हणून माशाचा कल्ला उघडून त्यात नाक घालायची. तिथल्या मिक्सरने खोबरं चांगलं वाटलं जात नाही असं तिचं मत पडलं, तेव्हा तिने इकबालला पाटा-वरवंटा आणायला पिटाळलं. तो मिळाला नाही. मग बांधकामावरच्या कुणाकडून तरी तिने ग्रॅनाइटची लादी मिळवली आणि "हात आहेत ना मला" म्हणत तिच्यावर वाटू लागली. खालच्या मजल्यावरून तक्रार आली. नात म्हणाली, "दादीमा, यू आर टोटली मॅड." हलीमाबीने मला विचारलं, "काय म्हणाली गो?" मी म्हटलं, "तू वेडी आहेस म्हणाली." "मग बरोबर," असं म्हणून ती वाटत राहिली.

विळी तिने गावाहून बॅगेत घालून आणली होती. ओट्याशी उभं राहून सुरीने चिरलेला कांदा रडवतो पण चव देत नाही, असं तिचं म्हणणं.

तर तिचा नवरा. इस्माईलभाई. आयुष्यभर बोटीवर खलाशी. त्यांचं पोटाचं ऑपरेशन इकबालने दुबईत करवून घेतलं होतं. ऑपरेशन नीट झालं, टाके सुकले, आणि माणसाने खाणं सोडलं. हलीमाबीने काय काय केलं नाही! सांदणं केली, मऊ भात केला, पापलेटाचं पातळ कालवण केलं. इस्माईलभाई एक घास तोंडात घ्यायचे आणि भिंतीकडे वळायचे. डॉक्टर म्हणाला, पोट बरं झालंय, आता मनावर आहे. आठवडाभर वाट बघतो. तोवर खाल्लं नाही तर शनिवारी अ‍ॅडमिट करून नळी घालतो.

त्याच दिवशी इस्माईलभाई भिंतीकडे बघत म्हणाले, "सायगॉनचा शोरबा."

इकबालने हॉटेलातून चिनी सूप आणलं. त्यांनी चमचा तोंडाला लावू दिला नाही.

आता हा योगायोग म्हणा. माझ्या सुनेच्या ऑफिसात कुणीतरी हॉटेलच्या स्वयंपाकवर्गाचे दोन पास वाटले होते. व्हिएतनामचा स्वयंपाक, बाई तिकडचीच, सगळं आपल्या हातांनी करायचं. सुनेला सुट्टी नव्हती. पास फ्रिजवर चिकटवलेले. मी हलीमाबीला म्हटलं, हे बघ, सायगॉन त्याच देशात असतं असं माझा मुलगा म्हणतो. तिने चुंबक काढला, पास ओढले आणि म्हणाली, "यल्ला, चप्पल घाल."

"अगं, उद्या सकाळी आहे ते."

"मग उद्या घाल."

असा तो वर्ग. शिकवणारी बाई लान नावाची, चाळिशीची, हाताच्या नसा वर आलेल्या. इंग्रजी तिचं माझ्यासारखंच होतं. माझं शिक्षण चौथीपर्यंत, तेव्हा आमचं चांगलं जमलं. वर्ग सुरू होताना तिने काचेसारखे पातळ, पांढरे, गोल पापड प्रत्येकीसमोर ठेवले आणि पाण्याचं एक ताट ठेवलं. पापड पाण्यात भिजवायचा, मऊ झाला की त्यात पाला आणि कोळंबी गुंडाळायची. हलीमाबी बराच वेळ ताटाकडे बघत बसली. तांदळाचा पापड. उन्हात वाळवलेला. तो कुणीतरी पाण्यात घालायला सांगतंय. "अक्का, बाईचं डोकं ठिकाणावर नाय. पापड भाजतात." पुढचं तुम्हांला माहीत आहे.

मॅनेजर विळी उचलायला वाकला तेव्हा लान परत आत आली. तिने जमिनीवरचा पापडाचा अर्धा, काळा न झालेला तुकडा उचलला, फुंकर मारली आणि खाल्ला. आम्ही बघत राहिलो.

"माय मदर," ती म्हणाली. "सेम. ऑन फायर." तिच्या गावी जाड पापड निखाऱ्यावर भाजतात, हे तिने हातवारे करून सांगितलं. मग मॅनेजरला म्हणाली, "शी स्टे."

विळी मात्र वर्ग संपेपर्यंत ऑफिसात ठेवावी लागली. हलीमाबीने ती कागदात गुंडाळून स्वतः नेऊन दिली आणि पातं कुठल्या बाजूला आहे तेही सांगितलं.

मग भोंगा थांबला, बायका परत आल्या आणि सूप सुरू झालं. हाडं बीफची होती, म्हणून मी आल्या-कांद्याकडे राहिले. आलं आणि कांदा अख्खा विस्तवावर काळा करायचा. हे हलीमाबीला पटलं. चक्रीफूल, दालचिनी, तेही पटलं. एका बाटलीत तपकिरी पाणी होतं. माशांचं मुरवलेलं. गोऱ्या बाईने नाक दाबलं. हलीमाबीने तळहातावर थेंब घेऊन चाटला. "सुक्या बांगड्याच्या बरणीचं पाणी आहे हे. एवढा बाऊ कशाला?"

अडलं ते हाडांपाशी. लानने हाडं उकळली, वर फेस आला आणि तिने ते सगळं पाणी मोरीत ओतायला घेतलं. हलीमाबीने पातेल्यावर हात आडवे धरले.

"अक्का, सांग तिला! सगळा जीव त्या पाण्यात उतरलाय. टाकतात काय?"

मी म्हटलं, "नो थ्रो?"

"थ्रो," लान म्हणाली. "नो क्लीन, नो गुड." आणि ओतलं. हलीमाबी तोंड फिरवून उभी राहिली, जणू घरातून मयत निघालंय. मग नव्या पाण्यात हाडं परत चढली.

टॅक्सीत ती माझ्या शेजारी बसली. विळी मांडीवर होती. मग म्हणाली, "हे सूप त्याला बंदरावर कुणी विकलेलं नाय, अक्का."

"मग?"

"सायगॉनला ह्याची बोट दुरुस्तीला अडकली होती. हा तापाने पडला, म्हणून त्याला उतरवून बोट गेली. तिकडे लढाई चाललेली. सात महिने पत्ता नाय. मी इकडे इकबालला घेऊन. बाळ होता तो. एका बाईने ह्याला घरात ठेवलं, हे करून घातलं, जगवलं."

"त्यांनीच सांगितलं?"

"एवढंच सांगितलं. पुढचं मी विचारलं नाय आणि त्याने सांगितलं नाय."

"आणि तू तिचं सूप शिकायला निघालीस."

"मग काय करू? नळी घालू?"

मी विळीवरचा सुटलेला कागद नीट केला.

वाटेत हाडं आणि माशांच्या पाण्याची बाटली घेतली आणि त्याच दुपारी तिने सूप केलं. तांदळाच्या शेवया, वर कांद्याची पात, सगळं लानने दाखवलं तसं. इस्माईलभाईंनी एक चमचा घेतला. दुसरा घेतला. मग त्यांनी वाडगा हाताने दूर केला.

"हे तुझंच आहे," म्हणाले, आणि भिंतीकडे वळले.

हलीमाबी स्वयंपाकघरात जाऊन बसली. मी तिच्यासमोर स्टूल ओढलं आणि फौजदारासारखी चौकशी केली.

"पहिलं पाणी टाकलंस?"

"टाकलं."

"सगळं?"

"थोडं ठेवलं."

"थोडं म्हणजे?"

"निम्मं."

"मसाला घातलास?"

"चिमूट."

"तिरफळं?"

"दोन दाणे. वास लागायला."

"आणखी?"

"एक आमसूल. पण ते मी मग बाहेर काढलं!"

मी तिचा मसाल्याचा डबा उचलला, तिरफळांची बाटली उचलली, आमसुलं उचलली, आणि सगळं माझ्या घरी नेऊन सुनेच्या कपाटात कुलपात ठेवलं. ती दारापर्यंत मागे आली. "अक्का, मीठ तरी ठेव."

"मीठ नाही. त्या माशाच्या पाण्यातच मीठ आहे. बाईने सांगितलं होतं."

दुसऱ्या दिवशी शुक्रवार. इकबाल आणि नात नमाज-पाहुण्यांच्या गडबडीत बाहेर. हलीमाबीने पुन्हा हाडं चढवली. फेस आला. तिने पातेलं उचललं, बिस्मिल्ला म्हटलं आणि सगळं पाणी मोरीत ओतलं. शेवटच्या थेंबापर्यंत. मग नवं पाणी, काळं केलेलं आलं, कांदा, चक्रीफूल. आणि मग ती जमिनीवर बसली आणि दोन्ही हात मांड्यांखाली घातले.

"हे काय?"

"ह्या हातांचाच उपद्रव आहे," ती म्हणाली. "इतकी वर्षं माझ्या हातचं घातलं त्याला. आज माझा हात नसलेलं घालायचं."

ती तशीच बसून राहिली. मधे दोनदा उठायला गेली, मी "बस" म्हटलं, बसली. रस्सा आधी गढूळ होता तो हळूहळू चहासारखा स्वच्छ झाला. मी झाकण काढून बघितलं तर खालची हाडं दिसत होती. वासात तिच्या घराचं काही नव्हतं. हे तिलाही कळलं. नाक होतं ना तिला.

वाडगा मी नेला. हात थरथरतायत, सांडेल, असं ती म्हणाली. तिचे हात थरथरत नव्हते. ती दारात उभी राहिली.

इस्माईलभाईंनी वास घेतला आणि उठून बसले. स्वतः. उशी मागे घ्यायची मला संधी दिली नाही. एक चमचा, दुसरा, मग चमचा ठेवून वाडगा तोंडाला लावला. शेवया हाताने खाल्ल्या. खालचा रस्सा संपवला. मग मान वर करून माझ्या खांद्यावरून दाराकडे बघितलं आणि काहीतरी बोलले. मराठी नव्हतं. हिंदी नव्हतं, अरबीही नव्हतं. वर्गात लान आपल्या देशातल्या माणसाशी फोनवर बोलत होती, तसं वरखाली होणारं काहीतरी. हलकं बोलले, लाडाने. मला शब्द कळला नाही, पण असं बोलणं कळायला शब्द लागत नाहीत.

मी हलीमाबीकडे बघितलं. मला वाटलं, आता ही आत जाईल. किंवा वाडगा फेकेल. तिच्या जागी मी फेकला असता.

ती पुढे आली, पदराने त्यांची हनुवटी पुसली आणि म्हणाली, "हो रे. अजून आहे. घेशील?"

त्यांनी मान हलवली. ती रिकामा वाडगा घेऊन आत गेली. मी मागे गेले. ती पळीने रस्सा ओतत होती, कडेने, एक थेंब न सांडता.

"काय म्हणाले गं?"

"मला काय ठावं." तिने वर बघितलं नाही. "पण गोड म्हणाला. माझ्याशी असा कधी बोलला नाय."

तिने दुसरा वाडगा स्वतः नेला.

नळी लागली नाही. महिन्याभराने ती दोघं गावी गेली. इस्माईलभाई त्यातून वाचले. त्या एका गोड शब्दातून हलीमाबीही वाचली.