सरळ लिंबाचा वंश

१. प्रस्तावना

माणूस सुधारणे कठीण असते आणि त्यात माणसे दुखावतात. म्हणून आधी झाडे सुधारावीत, असे वरच्या पातळीवर ठरले. झाड उपोषणाला बसत नाही, माहिती मागत नाही, आणि सुधारले नाही तर दोष पावसावर ढकलता येतो. या थोर विचारातून चिकलठाण्याच्या पुढे एक वृक्ष आनुवंशिक सुधार केंद्र उभे राहिले. ते उभारण्यासाठी जागेवरची झाडे काढावी लागली. (ती सुधारलेली नव्हती.)

२. उद्दिष्टे

मंजुरीसाठी पाठवली आहेत. आली की इथे चिकटवू.

४. पद्धत

झाडे सुधारणे आणि लग्न जमवणे यांत तत्त्वतः फरक नाही. रानावनात हिंडायचे, उंच, सरळ, निरोगी, चांगल्या घरचे झाड हेरायचे. त्याच्या काड्या आणून साध्या रोपांवर कलम बांधायचे. अशा निवडक कलमांची बाग लावली, की त्यांचे आपसांत जमते आणि पुढची पिढी सरळ निपजते. धोका एकच. झाड रक्तामुळे उंच आहे की शेजारच्या उकिरड्यामुळे, हे त्याची पोरे वाढल्याशिवाय कळत नाही. (लग्नातही ते तेव्हाच कळते, पण तोवर आहेर वापरून झालेला असतो.)

काम डॉ. हिमानी धारूरकर यांच्याकडे आले. झाड ठरले लिंब, म्हणजे कडुलिंब. हिमानीबाई नोकरीत नव्या होत्या, त्यामुळे त्यांनी ते खरेच करायला घेतले.

३. उद्दिष्टे (उशिरा आली)

सर्व मंजूर. मात्र सुधारित लिंबाचा पाला पडू नये, त्यावर पक्षी बसू नयेत, मुळे कंपाउंडच्या भिंतीपाशी थांबावीत आणि शेंडा विजेच्या तारेच्या अलीकडे.

केंद्राचे संचालक श्रीरंग पैठणकर यांनी विचारले, "मॅडम, असं झाड शक्य आहे का?"

"सर, त्याला खांब म्हणतात."

"मग तोही प्रस्ताव जोडून द्या."

५. निरीक्षणे

गंगापूरपासून खुलताबादपर्यंत हिमानीबाई जीपने हिंडल्या. लिंब पुष्कळ होते. सगळे वाकडे होते. कोणी गुडघ्यात वाकलेला, कोणी कमरेत, कोणी जन्मतःच रस्त्याकडे पाठ करून उभा.

कारण शास्त्रीय आहे आणि ते शांतपणे समजून घ्यावे. सरळ लिंब दिसला, की माणसाला दाराची चौकट आठवते. वाकडा दिसला, की काहीच आठवत नाही. आजोबांनी सरळ तोडले, बापाने उरलेल्यांतले सरळ तोडले, नातवाने त्यातल्या त्यात सरळ तोडले. बी धरायला मागे राहिले ते, ज्यांचा कुणालाच उपयोग नव्हता. आजचे रान ही त्यांची संतती आहे. (हीच प्रक्रिया कचेऱ्यांतही आढळते. सरळ माणसाची बदली होते, वाकडा तिथेच मुरतो आणि आपल्यासारखे दहा तयार करतो. पण तो आमच्या अभ्यासाचा विषय नाही.)

मग खुलताबादच्या डोंगराखाली एका बांधावर तो दिसला. ओळंबा लावून वाढवल्यासारखा सरळ. बुंध्याशी शेंदूर फासलेला दगड. हिमानीबाई जीपमधून उतरल्या आणि, सहकाऱ्यांच्या सांगण्यानुसार, झाडाला मिठी मारून रडल्या. (अहवालात 'घेर मोजला' असे लिहिले आहे.) अख्ख्या जिल्ह्यात असा दुसरा सापडला नाही. हा टिकला तर वंश सुरू. हा गेला तर कार्यक्रम संपला.

बांध दगडाबाईंचा. पलीकडचे शेत त्यांच्या दिराचे, कडुबाचे.

"मावशी, हा एवढा सरळ कसा राहिला? कुणी तोडला कसा नाही?"

"म्हसोबा हाय तिथं, बाई. कोन हात लावतंय?"

कडुबा तंबाखू मळत आला होता. "वैनी, शिकलेली बाई हाय. खरं सांग की तिला."

"काय खरं?"

"म्हसोबा तू वढ्यातून उचलून आणला, त्ये."

दगडाबाई लाजल्या नाहीत. "मंग काय करू? या बाबाला घराच्या आढ्याला हेच झाड पायजे व्हतं. सांगून आयकंना. म्या दगड आणला, शेंदूर फासला, ठिवला. दुसऱ्या दिशी समद्यात आधी हाच पाया पडला."

"पडलो," कडुबा म्हणाला. "म्हाईत व्हतं, तरी पडलो. उगं रिस्क कोन घेतंय?"

६. निष्कर्ष

सरळपणा आनुवंशिक आहे. जिवंत राहणे नाही. त्याला शेंदूर लागतो.

७. संरक्षण

दगडाचा धाक जुनी माणसे आहेत तोवर, हे हिमानीबाईंनी ओळखले. त्यांनी झाडाभोवती तारेचे कुंपण मागितले. पैठणकर सरांनी फाइल उघडली, मिटली, आणि प्रेमाने समजावले, "एका झाडाला कुंपण, असं खर्चाचं शीर्षच नाहीये. रोपांना आहे. मेलेल्या रोपांच्या जागी नव्या रोपांना तर फारच आहे. पण उभ्या, जिवंत झाडाला काही द्यायचं म्हणजे लेखापरीक्षणात विचारतात, का?"

"मग?"

"तिथं देव आहे म्हणालात ना? देवस्थानाला मिळतं. देवस्थानाला कुंपण, लाइट, सगळं मिळतं."

हिमानीबाईंनी झाड वाचवण्यासाठी अर्जात झाड खोडले आणि देवस्थान लिहिले. या सबंध प्रकल्पात एका दिवसात मंजूर झालेला हा एकमेव कागद.

८. विकास

कुंपण आले नाही. सभामंडप आला. मागणी कशाचीही असो, पाणी, शाळा, स्मशानाचा रस्ता, आमच्याकडे येतो तो सभामंडपच. त्याचा नकाशा तयार असतो. ट्रस्ट स्थापन झाला. अध्यक्ष, कडुबा. तरुण अभियंता सार्थक चुन्याची फक्की घेऊन आला आणि त्याने आखणी केली. झाड बरोबर मधोमध आले.

हिमानीबाई म्हणाल्या, "अहो, हा मंडप झाडासाठीच आहे."

"मॅडम, मंडप देवासाठी आहे," सार्थक म्हणाला. "झाड देवाच्या आड येतंय."

"मंडप दहा पावलं सरकवा."

"सरकवला असता. पण मग देव बाहेर राहतो."

"दगड सरकवा!"

हे वाक्य त्यांनी बोलायला नको होते. जमलेल्या गावाने कानांवर हात ठेवले. एवढ्यात दगडाबाई पुढे झाल्या आणि बुंध्याला पाठ लावून बसल्या.

"वैनी, देवाच्या कामात आडवी येऊ नको."

"कशाचा देव रे? माह्या हातचा हाय त्यो! वढ्यातला दगड हाय! तुला म्हाईत नाय व्हय?"

"म्हाईत हाय," कडुबा हळूच म्हणाला. "पन तव्हा दगड व्हता. आता निधी आलाय."

देवाला दगड म्हटल्याबद्दल दगडाबाईंना त्याच दगडापुढे नारळ फोडून माफी मागावी लागली. त्यांनी मागितली. नारळ चांगला निघाला, त्यामुळे देवाने क्षमा केल्याचे सर्वांनी मानले. मग झाडाला हळदीकुंकू वाहून, त्याची परवानगी घेऊन (त्याने नाही म्हटले नाही), करवत लावली. सर्वांचे डोळे पाणावले. लाकूड लोण्यासारखे सरळ चिरले गेले. गाभाऱ्याची चौकट त्याचीच आहे. सुतार म्हणाला, असा माल आता मिळत नाही.

९. उरलेला वंश

झाड पडत असताना हिमानीबाईंनी शेंड्याच्या काड्या ओल्या गोणपाटात गुंडाळून केंद्रात आणल्या. पन्नास कलमे बांधली. मग लागोपाठ सुट्ट्या आल्या. (सुट्टीचे परिपत्रक कलमांपर्यंत पोचले नव्हते, ती पाण्याची वाट पाहत राहिली.) एक जगले.

ते केंद्रात लावता येत नाही. बागेच्या जागेवर आता पेव्हर ब्लॉक आहेत, कारण वृक्षदिनाला पाहुण्यांचे बूट चिखलाने भरत. पुन्हा गावात नेता येत नाही. तिथे मंडपापुढे वाहनतळ झाला आहे. कलम वाढते आहे, सरळ, बापाच्या वळणावर. पिशवीत मुळांनी गोल गोल वेढे घातले आहेत. या पावसात जमिनीत गेले नाही, तर ती मुळेच त्याचा गळा आवळतील.

१०. शहरातील पाहणी

(कलमाला जागा शोधत हिमानीबाई दारोदार फिरल्या.)

झाड हवे का?
हो (सर्व).

कुठे?
"समोरच्यांकडे खूप जागा आहे."
"आमच्या दारात गाडी लागते. त्यांच्यापण दारात आमचीच लागते."
"आम्ही लावतो ना, दरवर्षी, डोंगरावर. ग्रुप आहे आमचा."
"लिंब? मग आंबा नाही का?"
"लावा की, बेशक लावा. बस, मोठं नको होऊ देऊ."

निवृत्त शिक्षिका यमुनाबाईंनी हिमानीबाईंना आत बोलावले, चहा दिला, झाडांवरची स्वतःची कविता म्हणून दाखवली आणि विचारले, "अगं, पण पाला कोण झाडणार?"

११. शिफारस

वाचक हो, इथवर वाचलेत म्हणजे तुम्हाला झाडांचा कळवळा आहे. सरळ लिंब पडला तिथे तुम्हाला वाईट वाटले, कडुबाचा राग आला, सार्थकचे हसू आले. हे सर्व आम्ही 'अनुकूल' या रकान्यात नोंदवले आहे. आता थोडे गॅलरीतून खाली पाहा. फाटकाजवळ एक स्कूटर थांबली आहे, तिच्या पायदानावर काळ्या पिशवीत कमरेएवढे रोप आहे, आणि हेल्मेट काढणारी बाई तुमच्या घराचा नंबर वाचते आहे. फाटकालगत तुमची हातभर माती तिला दिसली आहे.

घाबरू नका. आम्ही तुमच्यातलेच आहोत. तुम्ही घरी नाही, असे तिला खालीच सांगितले आहे. फक्त ती जाईपर्यंत पान उलटू नका, आवाज होतो.